उसना आवाज

रांगेत मागून कुणीतरी म्हणालं, "कोवळे बघून दे हं, मागच्या वेळी दुसऱ्याकडचा नुसता चोथा निघाला," आणि देल्फिना स्कार्सेल्लाच्या हातातला आर्टिचोकचा हिरवा, पाकळ्यापाकळ्यांचा गड्डा खाली पडला. वाक्यात काही नव्हतं. फेब्रुवारीत रोमच्या तेस्ताच्चो भागातल्या बाजारात बायका सकाळपासून हेच बोलत असतात. पण आवाज तिचा होता. म्हणजे तिचा नव्हताच. तिच्या घशातून असला आवाज चौऱ्याहत्तर वर्षांत एकदाही निघाला नव्हता. पण ज्यांनी ज्यांनी तिला पडद्यावर पाहिलं होतं, त्या सगळ्या इटलीच्या लेखी तो तिचाच होता. भरदार, थोडा दमलेला, पदरात चार पोरं असलेल्या बाईचा आवाज. सिनेमाच्या अंधाराबाहेर तो तिने कधी ऐकला नव्हता, आणि आता तो भर उन्हात, भाजीच्या रांगेत, तिच्या पाठीला लागून आर्टिचोकबद्दल तक्रार करत होता.

"काय सासूबाई," भाजीवाला नाझारेनो म्हणाला, "इतके दिवस घसा बसला होता, आता हातही बसला का?" सासूबाई हे नाव त्यानेच ठेवलेलं. एका विनोदी चित्रपटात ती सुनेच्या डोक्यात परात घालणारी सासू झाली होती आणि नाझारेनोच्या आईला तो तोंडपाठ होता. देल्फिना हे नाव बाजारात कुणाला ठाऊक नव्हतं. चेहरा मात्र सगळ्यांना. ट्राममध्ये, दवाखान्यात, कॉफीच्या दुकानात उभ्या उभ्या कप तोंडाला लावताना माणसं थबकायची. अहो, तुम्ही त्याच ना? ती मोलकरीण? ती जोगीण? दारात उभी राहून पोलिसांना शिव्या देणारी? एकसष्ट चित्रपट केले होते तिने आणि एकाही पोस्टरवर तिचा चेहरा नव्हता, तरी तो असा घराघरात शिरून बसला होता. मग पुढचं ठरलेलं असायचं: "ते वाक्य म्हणून दाखवा ना हो." त्यावर देल्फिना गळ्याला हात लावून कसंबसं पुटपुटायची, घसा बसलाय. तीस वर्षं तिचा घसा बसलेलाच होता. नाझारेनोने मध सांगून झाला, कांद्याचा रस सांगून झाला, एका पाद्र्याचं नावही सुचवून झालं. ती बोटाने भाजी दाखवायची, मान हलवायची आणि निघून जायची. बाईंना गर्व फार, असं लोक म्हणत. तिला गर्व नव्हता, भीती होती. आपण तोंड उघडलं की समोरच्याच्या चेहऱ्यावरचं ते प्रेम कसं झर्रकन उतरतं, हे तिने सुरुवातीला चार-पाचदा पाहिलं होतं. तेवढं पुरे झालं होतं.

चित्रपट तेव्हा असेच व्हायचे. शूटिंग चाललेलं असताना शेजारच्या सेटवर सुतार खिळे ठोकत असत आणि दिग्दर्शक चालू शॉटमध्येच ओरडत असत, "वळ! आता रड! अगं, त्या बाजूला नव्हे!" आवाजाचं नंतर बघू. नंतर म्हणजे चार-सहा महिन्यांनी, शहराच्या दुसऱ्या टोकाला, एका काळोख्या खोलीत. तिथे ज्याचा आवाज चालेल त्याला बोलवायचं, नाहीतर नाटकातली, शुद्ध उच्चारांची माणसं होतीच. देल्फिनाला तिथे एकदाच बोलावलं होतं, शेहेचाळीस साली. सोरा गावाच्या वरच्या डोंगरातली ती. आवाज फरशीवरून पोतं ओढल्यासारखा आणि उच्चार मेंढ्या हाकण्याचे. एक वाक्य बोलली आणि काचेपलीकडचा माणूस पोट धरून हसला. मग डोळे पुसत, अगदी मायेने म्हणाला, "बाई, तुम्ही आपल्या चेहऱ्याच्या कामाच्या." त्यानंतर तिच्या तोंडात दुसरीच कुणीतरी बोलू लागली. प्रत्येक चित्रपट लागला की तिसऱ्या दिवशी देल्फिना लांबच्या एखाद्या थिएटरात दुपारच्या खेळाला जाऊन बसायची, आपण काय बोललो ते ऐकायला. तिला राग यायला हवा होता. पहिल्या वेळी तो आलाही. पण दुसऱ्या की तिसऱ्या चित्रपटात ती एका मेलेल्या म्हाताऱ्याचे डोळे मिटत होती, आणि तिच्या मिटल्यासारख्या ओठांतून त्या आवाजाने नुसतं "झालं" असं म्हटलं, आणि तिच्या अंगावर सरसरून काटा आला. हे आपल्याला जन्मात जमलं नसतं. ही कोण आहे, हिने कुणाकुणाला पुरलंय, हिला माझ्या चेहऱ्यामागचं हे कसं कळलं? चर्चच्या थंडगार अंधारात शिरल्यावर वाटतं तसं काहीतरी तिला वाटलं होतं. पुढे एका साहाय्यकाकडून नाव कळलं: योलांदा पासेरी. पडद्यावर ते कधी आलं नाही. भेटायला जावं असं देल्फिनाला शंभरदा वाटलं आणि शंभरदा तिने ते टाळलं. आपला आवाज असलेल्या बाईशी आपण बोलायचं तरी कुठल्या आवाजात?

आणि मग ती चार मिनिटं. सत्तावन्न सालची. तिच्यावर कुणी दोन ओळी लिहिल्या तर त्या चार मिनिटांवरच लिहीत. लढाईत मुलगा गेल्याचं पत्र आलेलं आहे आणि त्याची आई शेजारणीसमोर शेंगा सोलत बसली आहे. पत्राबद्दल चकार शब्द नाही. मुलगा चालायला कसा शिकला, पहिल्या दिवशी कोंबडीच्या मागे कसा धावला, एवढंच सांगते आहे. आणि मध्येच एक हुंदका येतो, अर्धामुर्धा, गिळून टाकलेला, आणि ती पुन्हा शेंगा सोलू लागते. लोक त्या हुंदक्याबद्दल अजून बोलत. खरी गोष्ट देल्फिनाने कुणाला सांगितली नव्हती. त्या सकाळी संवाद लिहून झालेच नव्हते. लिहिणारे दोघं हॉटेलात भांडत बसले होते आणि ऊन चाललं होतं. दिग्दर्शक सान्तारेल्ली म्हणाला, "तू आपली आकडे मोज. ओठ हलले म्हणजे झालं, शब्द मागून भरू." असं तर नेहमीच करत, कुणाला त्यात काही वाटत नसे. तिने मोजलं. एक, दोन, तीन करत शेंगा सोलत सोलत चौसष्टपर्यंत गेली. थांबली तेव्हा सेटवर कुणी हलत नव्हतं, आणि शेजारच्या सेटवरचा सुतार टोपी काढून उभा होता. तो शॉट दुसऱ्यांदा घेतला नाही. पण थिएटरात लोक रडले ते कोंबडीच्या गोष्टीला, जी देल्फिनाने सांगितलीच नव्हती. रडले ते त्या हुंदक्याला, जो योलांदाचा होता. मग त्यात आपलं काय होतं? शेंगा? हा प्रश्न तिच्या पोटात बत्तीस वर्षं होता, आणि गेल्या आठवड्यात त्याने उचल खाल्ली. मोहल्ल्याच्या फिल्म क्लबमधली लिव्हिया नावाची मुलगी घरी आली होती. ती जुनी फिल्म कुणीतरी धुऊनपुसून नवी केली होती. रविवारी पाच वाजता खेळ, आणि खेळाआधी देल्फिनाबाईंनी स्टेजवर येऊन चार शब्द बोलायचे. घसा बसलाय, देल्फिना म्हणाली. "रविवारपर्यंत बरा होईल की," लिव्हिया म्हणाली आणि निघून गेली. तेव्हापासून देल्फिनाला झोप नव्हती. एकदा तिला वाटे, जावं आणि सगळ्यांसमोर कबूल करून टाकावं की ते काम माझं नाही, मी नुसती आकडे मोजत होते. एकदा वाटे, न जाणं बरं. या वयात एवढी एकच गोष्ट जवळ आहे, ती आपल्याच हाताने का टाकून द्या?

भाजीच्या रांगेत देल्फिना वळली. मागे कुणी भरदार बाई नव्हती. तपकिरी टोपी घातलेली, जाड भिंगांचा चष्मा लावलेली, जेमतेम तिच्या खांद्याला लागेल एवढीशी म्हातारी उभी होती, हातात जाळीची पिशवी. माणसं देल्फिनाच्या डोळ्यांकडे बघत. या बाईने पाहिलं ते थेट ओठांकडे. बराच वेळ पाहिलं, नाडी बघणाऱ्या डॉक्टरसारखं.

"वरचा डावा दात गेला वाटतं तुमचा," ती म्हणाली, त्या आवाजात.

"चौऱ्याऐंशी साली," देल्फिना म्हणाली. नाझारेनोने चमकून वर पाहिलं. सासूबाईंच्या तोंडून 'घसा बसलाय' सोडून दुसरं काही त्याने कधी ऐकलं नव्हतं.

"म्हणूनच 'स' आता जरा निसटत असेल. मला तुमचा 'स' फार आवडायचा. ओठ असे एका कडेनं उघडायचात. त्यात नेमका शब्द बसवायचा म्हणजे माझा घाम निघायचा." मग एकदम भानावर आल्यासारखी म्हातारीने हातमोजा काढून हात पुढे केला. "योलांदा. तुमच्या एक्कावन्न चित्रपटांत मी आहे हो. चार गल्ल्या सोडून राहते. अकरा वर्षं झाली. तुम्हाला इथे रोज बघायचे मी, आणि दुसऱ्या भाजीवाल्याकडे जायचे."

"का?"

"भीती वाटायची. आज त्याचे आर्टिचोक संपले होते."

"बायांनो, रांग अडवू नका," नाझारेनो म्हणाला, "ओळखपाळख कॉफीवर करा."

योलांदाचं घर तिसऱ्या मजल्यावर. स्वयंपाकघर एवढंसं, खिडकीत दोन कुंड्या आणि टेबलावर मेणकापड. कॉफी उकळेपर्यंत देल्फिना आजूबाजूला बघत होती. या खोलीत मृत्यू, नवरे, दंगे, पूर यांची काही खूण दिसावी अशी तिची अपेक्षा असावी. ते सगळं त्या आवाजात होतं ना. पण भिंतीवर बहिणीच्या लग्नाचा एक फोटो होता आणि बाकी काही नव्हतं. योलांदाने लग्न केलं नव्हतं. कुणाला पुरलंही नव्हतं. आई शंभरीला टेकून शेवटच्या खोलीत अजून घोरत होती. "मी उंचीला एवढी," योलांदा सांगत होती, "मला माईकपुढे फळांच्या खोक्यावर उभं करायचे. समोर तुमचा चेहरा भिंतीएवढा. फिल्मचा तेवढाच तुकडा पुन्हा पुन्हा फिरवायचे, तीसदा, चाळीसदा. नवऱ्याच्या तोंडाकडे बायका बघत नसतील इतकं मी तुमच्या तोंडाकडे पाहिलंय. वाटायचं, ही बाई मोठी आहे. मला फक्त हिच्या वाटेत यायचं नाहीये." देल्फिनाला हसू आलं आणि रडूही. जिच्यापुढे आपण जन्मभर दबून राहिलो, ती एका खोक्यावर उभी राहून आपल्यालाच दबत होती. तिने कप खाली ठेवला आणि बत्तीस वर्षांत पहिल्यांदा ते मोठ्याने बोलली. तिच्या त्या खरबरीत, डोंगरी आवाजात.

"त्या शेंगांच्या सीनमध्ये मी काही म्हणत नव्हते. आकडे मोजत होते. ते काम तुमचं आहे. रविवारी मी तसं सांगणार आहे."

योलांदाने उठून खिडकी लावून घेतली, जणू समोरच्या गच्चीवर कुणी ऐकत होतं. "आकडे मला माहीत आहेत," ती म्हणाली. "शूटिंगच्या वेळचा कच्चा आवाज असायचा ना आमच्याकडे, अंदाज यावा म्हणून, काम झालं की फेकून द्यायचे. कानाला लावून तोच ऐकत मी बोलले. तुम्ही जिथे श्वास घेतलात तिथे मी घेतला. तुम्ही बारावर थांबलात, मी कोंबडीवर थांबले. सगळं केलं. पण तो हुंदका मला आला नाही." तिने चष्मा काढला आणि पदराशी खेळावं तशी ॲप्रनचं टोक चिवडत राहिली. "बावीस वेळा केला. सान्तारेल्ली म्हणाला, बाई, तुम्ही रडताय; ती रडू गिळतेय. शेवटी मीच म्हटलं, तिचाच राहू द्या. कात्रीने तेवढा तुकडा कापला आणि चिकटवला. एवढासा." तिने अंगठा आणि तर्जनी धरून दाखवली. मध्ये आर्टिचोकचं पान मावलं नसतं. "तो तुमचा आहे. आणि या धंद्यात मला ओळखतात ते त्याच्यासाठी. नव्या मुलींना सांगायचे, योलांदासारखं रडा. मी गप्प बसले. एकदा नाही, बत्तीस वर्षं. म्हणून मी दुसऱ्या भाजीवाल्याकडे जायचे हो."

एकसष्ट चित्रपट, आणि त्यात देल्फिनाच्या गळ्यातून निघालेलं एवढंसं काहीतरी, कुणालाही न सांगता, सगळ्या देशात हिंडत होतं. दुपारच्या खेळांना बसून तीच ते ऐकत होती आणि म्हणत होती, हे आपल्याला जन्मात जमलं नसतं.

"एक विचारू?" योलांदा म्हणाली. "रोज विचारावंसं वाटायचं. तुम्ही एकोणीस म्हणालाच नाहीत. अठरा म्हणालात, मग तो हुंदका, आणि मग एकदम वीस. का?"

देल्फिनाला हे माहीत नव्हतं. ती मनात पुन्हा मोजू लागली आणि अठराला पोचल्यावर तिच्यासमोर अमेदेओ उभा राहिला. तिचा धाकटा भाऊ. डावखुरा, खेचरांना शीळ घालून बोलावणारा, बूट कधी नीट न बांधणारा. त्रेचाळीसच्या जानेवारीत, एकोणीस वर्षांचा, लढाईत रशियातल्या बर्फात कुठेतरी राहिला. कुठे, ते कुणी सांगितलं नाही; घरी आला तो बेपत्ता लिहिलेला कागद. आईने त्यावर सही केली नाही, कागद आणणाऱ्याला दूध पाजून परत पाठवलं. त्या दिवशी सेटवर देल्फिनाच्या मनात तो नव्हता, निदान तिला तसं वाटलं नव्हतं. ऊन डोळ्यांवर येत होतं, शेंगा जून होत्या आणि नख दुखत होतं. तरी तिची जीभ त्या आकड्यापाशी आली आणि पुढे गेली नाही. माणसाच्या आत कोण कोण बसून हिशेब ठेवत असतं, आणि ते त्याचं त्यालाच किती उशिरा कळतं, याचंच तिला नवल वाटलं.

"माझा भाऊ," ती म्हणाली. "पुढे त्याचं वय वाढलं नाही."

योलांदाने टेबलावरून हात पुढे केला आणि तिच्या हातावर ठेवला. आतल्या खोलीतून म्हातारी ओरडली, "योलांदा, कोण आलंय ग? सिनेमातली कुणी बोलतेय का?" "तुझीच मुलगी बोलतेय, आई, झोप," योलांदा म्हणाली, आणि दोघी इतक्या हसल्या की कॉफी मेणकापडावर सांडली. निघताना त्या एकमेकींना अगंतुगं करू लागल्या होत्या.

रविवारी देल्फिना गेली. हॉल चर्चच्या शेजारचा, लाकडी खुर्च्यांचा, आणि भरला होता; नाझारेनो आईला घेऊन आला होता. लिव्हियाने माईक हातात दिला तेव्हा देल्फिनाने आधी दाराकडे पाहिलं. पण समोर पहिल्या रांगेत तपकिरी टोपी होती. ती बोलली. काय बोलायचं ते ठरवून आली होती: ही माझ्याबरोबरची बाई, हिच्याशिवाय मी नव्हते, उभी राहा ग. योलांदा उभी राहिली, तरी मागच्यांना दिसली नाही, इतकी ती बुटकी. लोकांनी टाळ्या वाजवल्या, पण कुणाला आणि कशासाठी, ते त्यांना धड कळलं नसावं. आणि जिची देल्फिनाला तीस वर्षं धास्ती होती ती गोष्ट घडलीच नाही. दुसऱ्या रांगेतली एक बाई नवऱ्याच्या कानाशी लागून म्हणाली, "आवाज पार गेला बिचारीचा." "वय झालं," नवरा म्हणाला. संपलं. देल्फिना खाली येऊन खुर्चीत बसली तेव्हा तिला अगदी हलकं वाटत होतं आणि थोडी फसवणूक झाल्यासारखंही.

मग अंधार झाला. शेंगांचा सीन यायला तासभर होता. दोघी तो तास खुर्चीच्या काठावर बसून होत्या. ठरलं होतं की तो तुकडा जवळ आला की योलांदाने हात दाबायचा, म्हणजे देल्फिनाने नीट कान द्यायचा. एकदा तरी आयुष्यात तिने तो आपला म्हणून ऐकायचा. पडद्यावर स्वयंपाकघर आलं. खिडकीतून तेच ऊन आलं. ती बाई परात मांडीवर घेऊन बसली, शेजारीण दारात उभी राहिली. पत्र चुलीच्या कोनाड्यात होतं. बाईने पहिली शेंग उचलली आणि म्हणाली की पोरगं चालायला लागलं तेव्हा त्याचा पहिला पाय दारापलीकडेच पडला होता. धुऊन काढलेल्या त्या चित्रात तिच्या हातावरच्या शिरा दिसत होत्या, नखातला मळ दिसत होता. ती हसत होती. कोंबडी पुढे आणि तो मागे, ती म्हणत होती, आणि कोंबडीला वाटलं काय सैतान मागे लागला. आणि हसता हसता तिच्या तोंडाची एक कड हलली, काहीतरी वर आलं, तिने ते गिळलं, आणि पुढची शेंग घेतली. सगळ्या हॉलमध्ये एक माणूस हलला नाही. नाझारेनोची आई तोंडाला रुमाल लावून बसली होती. परात भरत आली, तेव्हा योलांदा दचकून वळली.

"ऐकलास ना?" तिने कुजबुजत विचारलं.

"काय?"

"अगं, हुंदका. तुझा."

देल्फिनाच्या गालांवरून पाणी ओघळत होतं आणि तिने ते पुसलंही नव्हतं. "येऊन गेला?" ती म्हणाली. "मी त्या बाईकडे बघत होते. तू हात नाही दाबलास?"

योलांदाने आपल्या हाताकडे पाहिलं. तो मांडीवर तसाच मुठीत आवळलेला होता. "विसरले," ती म्हणाली. "मीपण तिच्याकडेच बघत होते ग."

"श्श!" मागच्या रांगेतून कुणीतरी खेकसलं. "गप्प बसा की म्हाताऱ्यांनो! ती बाई काय बोलतेय ते ऐकू द्या!"

दोघी गप्प झाल्या आणि ऐकू लागल्या.